फास्ट म्हणजे वेगवान, मग 'फास्ट अस्लीप' म्हणजे काय?

प्रश्न असा आहे की 'ही वॉज फास्ट अस्लीप' या वाक्याचं भाषांतर एकाने 'तो पटकन झोपी गेला' असं केलं, ते बरोबर आहे का, आणि नसेल तर फास्टचा इथे अर्थ काय. त्याला जोडून अजून दोन शंका आहेत. कपड्याच्या लेबलवर फास्ट कलर लिहिलं असेल तर रंग लवकर जाणार असं समजायचं का? आणि उपासाला फास्ट म्हणतात तो हाच शब्द की वेगळा?

आधी थोडक्यात उत्तर देतो. भाषांतर चुकलंय, 'तो गाढ झोपला होता' असं हवं. फास्ट कलर म्हणजे पक्का रंग, न जाणारा. आणि उपासाचा फास्ट त्याच कुळातला आहे. पण नुसतं उत्तर पाठ करून उपयोग नाही, कारण पुढच्या वाक्यात पुन्हा अडायला होतं, म्हणून जरा मुळापासून बघू.

फास्टचा मूळ अर्थ वेगवान नाहीच. जुन्या इंग्रजीत हा शब्द 'फॅस्ट' असा होता आणि त्याचा अर्थ घट्ट, पक्का, न हलणारा. म्हणजे आज आपण ज्याला फास्ट म्हणतो त्याच्या अगदी उलट! जो जागचा हलत नाही तो फास्ट. वेगाचा अर्थ नंतर आला, साधारण तेराव्या शतकाच्या आसपास, आणि तोही आधी क्रियाविशेषण म्हणून, म्हणजे 'फास्ट पळणे' अशा प्रयोगात. 'फास्ट घोडा' असं विशेषण म्हणून वेगाच्या अर्थाने वापरायला सोळावं शतक उजाडलं. जुना अर्थ मेला नाही, तो बाजूला पडून राहिला आणि ठरावीक शब्दांच्या जोडीने आजही जिवंत आहे. आपला गोंधळ होतो तो या शिल्लक राहिलेल्या जागांवर.

आता घट्टचा अर्थ वेगवान झाला कसा, हे विचित्र वाटतं ना? पण मराठी माणसाला ते समजायला अजिबात जड जाऊ नये, कारण आपल्याकडे 'जोरात' हा शब्द आहे. 'दोरी जोरात धर' म्हटलं तर त्यात ताकद आहे, 'जोरात पळ' म्हटलं तर त्यात वेग आहे, आणि 'जोरात बोल' म्हटलं तर आवाज. जोर हा मुळात फारसी शब्द, अर्थ ताकद, त्यात वेगाचा काही संबंध नाही. पण जो ताकद लावून पळतो तो वेगातच पळतो, म्हणून जोरात म्हणजे वेगात हा अर्थ आपोआप चिकटला आणि आपल्याला तो खटकतही नाही. इंग्रजीत फास्टचं हेच झालं असं मानतात. घट्ट धरणे, मग जोर लावून काहीही करणे, मग जोर लावून पळणे, आणि शेवटी नुसतं वेगात पळणे. हार्ड शब्दातही हीच वाट दिसते, 'रन हार्ड' म्हणजे कठीण पळणे नाही, जीव तोडून पळणे, आणि 'इट्स रेनिंग हार्ड' म्हणजे जोराचा पाऊस.

त्यामुळे कोणी विचारलं की एकाच शब्दाला स्थिर आणि वेगवान असे उलटे अर्थ कसे काय, तर मी सांगेन की ते उलटे नाहीत, दोन्हीच्या मागे जोर आहे.

जर्मन शिकणाऱ्यांना अजून एक धक्का बसतो. जर्मनमध्येही फास्ट नावाचा शब्द आहे आणि त्याचा अर्थ 'जवळजवळ' असा आहे, तिकडे घट्ट या अर्थाला फेस्ट म्हणतात. दोन्ही एकाच घरातले. घट्ट म्हणजे चिकटून, चिकटून म्हणजे जवळ, आणि जवळवरून जवळजवळ, म्हणजे आपण मराठीत जे केलं तेच की! जुन्या इंग्रजीच्या वळणाच्या लिखाणात 'फास्ट बाय द रिव्हर' असं आलं तर त्याचा अर्थ नदीला अगदी लागून, वेगाने नदीजवळून असा नाही. हा प्रयोग आता जवळपास गेलाय पण जुनं वाचताना आडवा येतो.

आता ओळखायचं कसं हा खरा कामाचा मुद्दा. फास्टच्या जोडीला कोणतं क्रियापद आहे ते बघा. पळणे, जाणे, बोलणे, वाढणे अशी काहीतरी चालू असलेली क्रिया असेल तर वेग. धरणे, बांधणे, अडकणे, उभं राहणे, झोपणे अशी एका जागी थांबलेली अवस्था असेल तर घट्ट, पक्का, गाढ. 'होल्ड फास्ट' म्हणजे घट्ट धरून ठेव. 'द डोअर वॉज स्टक फास्ट' म्हणजे दार पक्कं अडकून बसलं होतं. 'स्टँड फास्ट' म्हणजे जागा सोडू नका, ठाम राहा. बोटीवर 'मेक फास्ट' म्हटलं तर दोर बांधून टाक असा अर्थ, घाई कर असा नाही, आणि तिथे चूक केली तर बोट निघून जाईल. हार्ड अँड फास्ट रूल हा प्रयोगही बोटीवरूनच आला असं सांगतात, जहाज जमिनीला लागून असं रुतून बसतं की हलता हलत नाही, ते हार्ड अँड फास्ट. म्हणून जो नियम वाकवता येत नाही तो तसा. मराठीत 'असा काही पक्का नियम नाही' एवढं म्हटलं की झालं.

फास्ट फ्रेंड्सचं मात्र जरा जपून. याचा मूळ अर्थ पक्के मित्र, जिवाभावाचे मित्र. पण 'दे बिकेम फास्ट फ्रेंड्स' या वाक्यात 'झाले' हे क्रियापद आल्यामुळे बऱ्याच जणांना, अगदी ज्यांची मातृभाषा इंग्रजी आहे त्यांनासुद्धा, त्यांची लगेच मैत्री झाली असं वाटतं. दोन मिनिटांत मैत्री झाली असं वर्णन शेजारी असेल तर लेखकाच्या मनात नक्की काय होतं ते सांगता येत नाही, कदाचित दोन्ही. भाषांतर करताना मी 'त्यांची घट्ट मैत्री झाली' असंच लिहीन, कारण कोशातला अर्थ तोच आहे आणि 'लगेच' हे शेजारच्या वाक्यातून येतंच.

रंगाकडे येतो, कारण इथे फास्ट शब्द नुसता शिल्लक राहिलेला नाही तर रोज कामाला लागलेला आहे. कापडाच्या धंद्यात फास्टनेस हे रीतसर मोजायचं माप आहे. धुण्यात रंग किती टिकतो ते वेगळं, घासल्यावर किती लागतो ते वेगळं, उन्हात किती विटतो ते वेगळं. आयएसओ या आंतरराष्ट्रीय मानक ठरवणाऱ्या संस्थेच्या १०५ क्रमांकाच्या मालिकेत या चाचण्या दिलेल्या आहेत. धुण्याच्या चाचणीला १ ते ५ असे गुण असतात, ५ म्हणजे रंग जराही हलला नाही. उजेडाच्या चाचणीला १ ते ८, आणि ती करताना निळ्या लोकरीच्या ठरावीक पट्ट्या कापडाच्या शेजारी ठेवतात, त्यातली कितव्या नंबरची पट्टी कापडाच्या बरोबरीने विटते ते बघायचं. म्हणजे लाइटफास्टनेस ७ लिहिलेलं असेल तर उन्हात बऱ्यापैकी टिकणारा रंग. इथे जास्त आकडा म्हणजे जास्त टिकाऊ, जास्त वेगाने विटणारा नाही!

याच रंगाच्या अर्थावरून हा शब्द डॉक्टरी भाषेत गेला. क्षयाच्या थुंकी तपासणीच्या रिपोर्टवर एएफबी अशी अक्षरं असतात, ती म्हणजे अ‍ॅसिड फास्ट बॅसिलाय (बॅसिलाय म्हणजे काडीच्या आकाराचे जंतू). हे वाचून पटकन पसरणारे जंतू अशी समजूत होऊ शकते, पण वेगाचा इथे काही संबंध नाही (उलट क्षयाचा जंतू वाढायला फारच सावकाश, कल्चरला, म्हणजे प्रयोगशाळेत तो वाढवून बघायला, आठवडे लागतात). तपासणी अशी असते की काचपट्टीवर थुंकीचा पातळ थर पसरतात, त्यावर कार्बॉल फुक्सिन नावाचा लाल रंग घालून खालून गरम करतात, मग आम्लाने धुतात. बाकीच्या बहुतेक जंतूंचा रंग धुऊन जातो, पण क्षयाच्या जंतूच्या आवरणात मायकोलिक अ‍ॅसिडं असतात, त्यामुळे ते आवरण मेणचट असतं आणि एकदा आत गेलेला रंग ते सोडत नाही. वरून मेथिलीन ब्लू दिलं की निळ्या पार्श्वभूमीवर बारीक लाल काड्या दिसतात. १८८२ साली रॉबर्ट कॉख यांनी क्षयाचा जंतू दाखवून दिला आणि त्याच वर्षी पॉल एर्लिक यांच्या लक्षात आलं की हा जंतू आम्लाने धुतला तरी रंग सोडत नाही. पुढे झील आणि नील्सन यांनी पद्धत सुधारली आणि ती आज त्यांच्याच नावाने चालते.

यात भाषेच्या दृष्टीने एक बारकावा आहे जो मला फार आवडतो. कलरफास्ट म्हणजे ज्याचा रंग पक्का आहे. पण अ‍ॅसिडफास्ट म्हणजे ज्याचं आम्ल पक्कं आहे असं नाही, आम्लापुढे जो पक्का आहे तो. लाइटफास्ट म्हणजे उजेडापुढे पक्का. शब्दाची घडण दिसायला एकसारखी, पण फास्टच्या आधी येणारा शब्द एकदा टिकणारी वस्तू सांगतो आणि एकदा जिच्यापुढे टिकायचं ती. मराठीत आणताना हे लक्षात ठेवावं लागतं, नाहीतर भलतंच काहीतरी तयार होतं.

उपासाचं कोडं तर मराठीतून बघितलं की लगेच सुटतं. आपण उपास धरतो आणि उपास सोडतो. धरणे आणि सोडणे! इंग्रजी फास्टचंही मूळ तेच आहे, स्वतःला घट्ट धरून ठेवणे, नियम पाळणे. चौथ्या शतकात बायबलचं भाषांतर गॉथिक भाषेत झालं, त्या भाषेत फास्टान या क्रियापदाचा अर्थ राखणे, पाळणे असाही होता आणि उपास करणे असाही. आणि धरलेला फास्ट मोडायचा म्हणजे ब्रेकफास्ट, उच्चार ब्रेकफस्ट असा होत असल्यामुळे त्यातला फास्ट कानाला जाणवत नाही. कडक उपास, कडकडीत उपास असं आपण म्हणतो त्यातही पुन्हा तोच न वाकण्याचा भाव आहे.

याच कुळातले अजून काही शब्द लपून बसलेत. फासन म्हणजे बांधणे, आवळणे (स्पेलिंगमध्ये टी आहे पण तो उच्चारत नाहीत, फास्टन म्हणू नये). स्टेडफास्ट म्हणजे आपल्या जागी अढळ. शेमफेस्ड म्हणजे शरमिंदा, यात फेस म्हणजे चेहरा असणार असं कोणालाही वाटेल, पण जुना शब्द शेमफास्ट होता, लाजेने जखडलेला, लोकांनी नंतर त्याचा चेहरा करून टाकला. आपल्या फास शब्दाशी मात्र याचं नातं जोडू नका, आवाज आणि अर्थ दोन्ही जुळतात म्हणून मोह होतो, पण फास हा संस्कृत पाशवरून आलाय आणि त्याचं मूळ वेगळं आहे.

वेगाच्या बाजूलाही सगळं सरळ नाही. घड्याळ पाच मिनिटं फास्ट आहे म्हणजे ते पुढे आहे, ते वेगात चालत असेलच असं नाही, बरोबर गतीने चालणारं घड्याळही कोणी काटा पुढे करून ठेवलं तर फास्ट असतं. फोटोग्राफीत फास्ट लेन्स म्हणतात, लेन्स काही पळत नाही, एफ १.४ सारखं मोठं तोंड असल्याने प्रकाश जास्त आत येतो आणि शटर कमी वेळ उघडं ठेवून भागतं. फास्ट पिचवर चेंडू वेगात येतो, पिच जागेवरच असतं. या तिन्ही ठिकाणी वेग त्या वस्तूचा नाही. फास्ट लिव्हिंग म्हणजे बेबंद, चैनीचं जगणं, आणि जुन्या कादंबऱ्यांत एखाद्या बाईला फास्ट म्हटलं असेल तर ती चालू आहे असा शेरा असतो, तिच्या चपळाईचं कौतुक नाही.

व्याकरणाचं एवढंच, की फास्टली असं लिहू नका, फास्ट हेच विशेषण आणि हेच क्रियाविशेषण, 'ही ड्राइव्ह्ज फास्ट' बरोबर. आणि क्विक व फास्ट एकमेकांच्या जागी नेहमी चालत नाहीत. फास्ट हे गतीबद्दल, क्विक हे किती थोडा वेळ लागला त्याबद्दल. म्हणून फास्ट कार पण क्विक लुक, फास्ट ट्रेन पण क्विक क्वेश्चन. 'अ फास्ट लुक' कोणी म्हणत नाही. फास्ट फूड हा याला अपवाद, नियमाने ते क्विक असायला हवं होतं, पण विसाव्या शतकाच्या मध्यात हा शब्द रुळला तो तसाच राहिला.