प्रश्न: वेंगुर्ल्यात राहून मुलगा बुद्धिबळात ग्रँडमास्टर होऊ शकतो का?

होऊ शकतो, पण फक्त वेंगुर्ल्यात बसून नाही. शेजारच्या गोव्याचा लिऑन मेंडोन्सा बघा. मार्च 2020 मध्ये टाळेबंदीमुळे तो वडिलांसोबत हंगेरीत अडकला. घरी परतता येईना, मग तिकडेच एकामागून एक स्पर्धा खेळत राहिला आणि त्या वर्षअखेरीस इटलीत तिसरा नॉर्म (म्हणजे ग्रँडमास्टर किताबासाठी एखाद्या स्पर्धेत करावी लागणारी ठरावीक दर्जाची कामगिरी) मिळवला, तोही चौदाव्या वर्षी! (असं अडकणं सगळ्यांच्या नशिबी नसतं म्हणा.) या किताबाला साधारण तीन नॉर्म आणि 2500 रेटिंग (खेळाडूची ताकद दाखवणारे गुण) लागतं, आणि नॉर्मसाठी समोर ग्रँडमास्टर असावे लागतात. सराव घरी ऑनलाइन होईल, नॉर्म मात्र फिरूनच. आधी रेटिंग स्पर्धांना सावंतवाडीहून रेल्वेने गोवा-मुंबई गाठा. युरोपचं नंतर बघू.