गिअरचा दांडा: सेटिंग करण्याआधी दोष शोधा

या महिन्यात मराठवाड्यातून आलेल्या बहुतेक पत्रांत एकच तक्रार आहे: गिअर नीट पडत नाही. त्यातल्या काही वाचकांना गॅरेजमध्ये थेट गिअरबॉक्स उतरवायला सांगितलं गेलं आहे, तर काहींचं 'सेटिंग' दोन-तीनदा करूनही दुखणं तसंच आहे. दांडा, केबल, बुश, क्लच आणि गिअरबॉक्स यांपैकी नेमकं कोण दोषी, हे ठरवल्याशिवाय पाना हातात घेऊ नये.

माझी पेट्रोल हॅचबॅक नऊ वर्षांची आहे. गिअरचा दांडा फार ढिला झालाय. दुसऱ्यावरून तिसरा टाकायला जावं तर कधीकधी पाचवा लागतो. गॅरेजवाले म्हणतात गिअरबॉक्स खोलावा लागेल. खरंच लागेल का?
एक वाचक, अंबड (जि. जालना)

तुम्ही सांगताय त्या लक्षणांवरून तरी घाई करू नका. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत गिअरबॉक्स बॉनेटखाली आडवा बसवलेला असतो आणि आजच्या बहुतेक गाड्यांत दांडा त्याला दोन केबलींनी जोडलेला असतो. सिलेक्ट केबल दांड्याची डावी-उजवी हालचाल पोचवते, शिफ्ट केबल पुढची-मागची. मारुती ८०० सारख्या जुन्या गाड्यांत हेच काम रॉड करतो. तिसऱ्याऐवजी पाचवा लागतो म्हणजे दांड्याची डावी-उजवी जागा चुकतेय. तेव्हा पहिला संशय सिलेक्ट केबलीवर आणि तिच्या टोकाच्या बुशावर (जोडातल्या प्लॅस्टिकच्या वाटीवर) घ्या.

गाडी सपाट जागी उभी करा, हँडब्रेक ओढा, चाकांना पुढून-मागून दगड लावा आणि किल्ली काढून घ्या. इंजिन थंड होऊ द्या. आता न्यूट्रलमध्ये दांडा डावीकडे ढकलून सोडा, मग उजवीकडे ढकलून सोडा. पाच गिअरच्या बहुतेक गाड्यांत तो दोन्ही बाजूंनी आपोआप तिसऱ्या-चौथ्याच्या रेषेत परत यायला हवा. सुस्त येत असेल किंवा मधेच थांबत असेल, तर सिलेक्ट केबल जाम आहे किंवा स्प्रिंग मऊ पडली आहे.

पुढच्या तपासणीला दोन माणसं लागतात. गिअरबॉक्सवर केबली जिथे जोडलेल्या असतात ती जागा बऱ्याच गाड्यांत बॅटरीच्या किंवा एअर फिल्टरच्या डब्याखाली दडलेली असते. बॅटरी काढायची झाल्यास आधी निगेटिव्ह टर्मिनल सोडवा. एकाने आत बसून दांडा सावकाश हलवायचा, दुसऱ्याने गिअरबॉक्सवरचा छोटा लिव्हर बघायचा. दांडा हलतोय आणि खालचा लिव्हर जागचा हलत नाही, तेवढी ढिलाई मधे कुठेतरी खाल्ली जातेय. एकेका जोडावर बोट ठेवून बघा. जिथे केबलीचं टोक हलतं पण पिन हलत नाही, तिथे झीज आहे. केबलीच्या टोकाला प्लॅस्टिकची वाटी असते आणि ती लिव्हरवरच्या गोल डोक्याच्या पिनवर दाबून बसवलेली असते. ही वाटी काढून उजेडात धरा. नवीन असताना भोक गोल असतं. झिजलं की ते लांबट होतं आणि आतून चकाकतं. बऱ्याचदा ग्रीस आणि धूळ मिळून तिथे काळा लगदा झालेला दिसतो. धूळ मिसळलेलं ग्रीस पॉलिश पेपरसारखं घासतं, म्हणून कच्च्या रस्त्यांवर फिरणाऱ्या गाड्यांचे बुश लवकर जातात.

आता निर्णायक चाचणी. दोन्ही केबली गिअरबॉक्सवरून सोडवा. चपट्या स्क्रूड्रायव्हरने वाटी हलकेच उचलली की निघते. काही गाड्यांत क्लिप किंवा स्प्लिट पिन असते. काढलेली स्प्लिट पिन परत वापरू नका, नवी घाला. मग गिअरबॉक्सवरचा लिव्हर हातानेच हलवून सगळे गिअर टाकून बघा. एखादा गिअर अडला तर गाडी किंचित पुढे-मागे ढकलायला सांगा, कारण दात समोरासमोर आले की चांगल्या गिअरबॉक्समध्येही तो अडतो. ढकलायच्या वेळेपुरते दगड आणि हँडब्रेक काढा आणि खाली कोणाचा हात नाही हे आधी बघा. गिअर हाताने नीट पडत असतील तर गिअरबॉक्स ठीक आहे आणि तुमचा मोठा खर्च वाचला. इथेही अडत असतील, तर मात्र आतला दोष आहे. सुट्या केबलींचीही परीक्षा आत्ताच उरकून घ्या: दांडा हलवल्यावर त्या मऊपणे सरकायला हव्यात, कुठेही खरखर लागता कामा नये.

बुश झिजला असेल तर आधी बुश बदला. काही कंपन्यांचा बुश वेगळा मिळतो, काहींची अख्खी केबलच घ्यावी लागते. झिजलेल्या बुशावर केलेलं सेटिंग टिकत नाही, कारण ढिलाई तशीच राहते, फक्त ती एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला सरकते.

केबली परत जोडा. सेटिंग करायचं ते यानंतर. केबलीवर सरकवता येणारी पकड आहे का ते बघा. ती कधी दांड्याच्या बाजूला असते, कधी गिअरबॉक्सच्या, आणि काही गाड्यांत दोनपैकी एकाच केबलीला असते. सैल करण्याआधी सध्याच्या जागेवर रंगाची खूण करा, म्हणजे चुकलं तर परत तिथे येता येतं. गिअरबॉक्स न्यूट्रलमध्ये आणा. दांडा न्यूट्रलमध्ये सरळ उभा करा. अनेक गाड्यांत दांड्याच्या बुडाशी आणि त्याच्या चौकटीत समोरासमोर भोकं असतात. त्यांतून मॅन्युअलमध्ये दिलेल्या जाडीची पिन किंवा ड्रिल बिट घातली की दांडा जागेवर पक्का होतो. आता पकड सैल करा. केबल स्वतःहून जिथे स्थिरावते तिथेच पकड आवळा, ओढून किंवा ढकलून नाही. ६ मिमीचा बोल्ट असेल तर साधारण १० न्यूटन-मीटर पुरे होतात; प्लॅस्टिकची पकड असेल तर जोर लावू नका. पिन काढल्याशिवाय गिअर टाकून बघू नका, चौकट तुटते.

सेटिंग कुठे चुकलंय हे न्यूट्रलमधला दांडाच सांगतो. तो पुढे झुकलेला असेल तर पहिला, तिसरा, पाचवा अर्धवट पडतात, कारण पूर्ण बसण्याआधीच दांडा पुढे टेकतो. मागे झुकलेला असेल तर दुसरा आणि चौथा अर्धवट राहतात. अर्धवट पडलेला गिअर नुसता त्रासाचा नसतो; दातांच्या कडा खाऊन तो गिअरबॉक्सचं खरं नुकसान करतो.

शेवटी इंजिन बंद ठेवून प्रत्येक गिअर पाच-सहा वेळा टाका, मग इंजिन चालू करून क्लच दाबून, मग मोकळ्या मैदानात हळू चालवून बघा. हे सगळं झाल्यावरच दांड्याभोवतीचं काढलेलं प्लॅस्टिकचं आवरण (कन्सोल) बसवा.

इंजिन बंद असताना सगळे गिअर लोण्यासारखे पडतात. चालू केलं की पहिला अडतो आणि रिव्हर्सला कर्र आवाज येतो. गिअर केबल बदलून झाली, फरक नाही.
एक वाचक, गेवराई (जि. बीड)

फरक पडणारच नव्हता. इंजिन बंद असताना ठीक आणि चालू असताना अडचण, म्हणजे दोष क्लचमध्ये. पेडल पूर्ण दाबूनही क्लच सुटत नाही आणि गिअरबॉक्सचा शाफ्ट फिरत राहतो. रिव्हर्सला बहुतेक गाड्यांत सिंक्रोनायझर (गिअर पडण्याआधी वेग जुळवणारा भाग) नसतो, म्हणून तो सगळ्यात आधी ओरडतो.

खात्री करून घ्या. गरम इंजिन आयडलला (ॲक्सिलरेटर न दाबता) ठेवून क्लच पूर्ण दाबा, चार-पाच सेकंद थांबा आणि मग रिव्हर्स टाका. तरीही आवाज आला तर क्लच ओढतोय, म्हणजे पूर्ण सुटत नाही. यानंतर पहिल्यांदा पायाखाली बघा: एकावर एक दोन मॅट टाकल्या असतील तर पेडल तळापर्यंत जातच नाही. हे फार गाड्यांत आढळतं.

क्लच केबलीचा असेल तर पेडलचा मोकळा खेळ मोजा. लहान गाड्यांत तो साधारण १५ ते २५ मिमी असतो, नेमका आकडा तुमच्या मॅन्युअलमधून घ्या. खेळ जास्त असेल तर क्लच पूर्ण सुटत नाही. अगदीच नसेल तर क्लच घसरतो आणि प्लेट जळते. हायड्रॉलिक (तेलाच्या दाबावर चालणारा) असेल तर टाकीतली पातळी बघा. अनेक गाड्यांत ती ब्रेकसोबत एकच असते. पातळी उतरली असेल तर नुसतं तेल ओतून थांबू नका, गळती शोधा: पेडलच्या मागे मास्टर सिलिंडर, गिअरबॉक्सवर स्लेव्ह सिलिंडर. पेडल दोन-तीनदा भराभर मारल्यावर गिअर पडायला लागला तर लाइनमध्ये हवा आहे, ब्लीडिंग करून ती काढून घ्या. टाकीच्या झाकणावर लिहिलेलंच तेल वापरा, डॉट-३ किंवा डॉट-४. ते रंगावर सांडलं तर लगेच पाण्याने धुवा.

आमची जीप जातीची गाडी आहे, दांडा थेट गिअरबॉक्समधून वर येतो. तो सारखा खडखडतो आणि चालवताना हाताला झिणझिण्या येतात.
एक वाचक, सेनगाव (जि. हिंगोली)

इथे केबल नाही, त्यामुळे सेटिंग करण्यासारखं काही नसतं. दांड्याच्या खालच्या भागात एक गोळा असतो. तो नायलॉनच्या बैठकीत बसतो, वरून स्प्रिंग त्याला दाबून ठेवते. बैठक फुटली किंवा स्प्रिंग मेली की खडखड सुरू होते.

गाडी न्यूट्रलमध्ये ठेवा, चाकांना दगड लावा, रबरी बूट वर सरकवा आणि आजूबाजूची धूळ ब्रशने व फडक्याने पूर्ण साफ करा. दांडा कसा धरलेला आहे ते बघा: कुठे दाबून फिरवायची टोपी असते, कुठे सर्क्लिप, कुठे बोल्ट. काढल्याबरोबर खालच्या भोकावर स्वच्छ फडकं ठेवा, कारण तिथून पडलेला खडा किंवा वॉशर सरळ गिअरांमध्ये जातो. बैठक, स्प्रिंग आणि दांड्याच्या टोकाचा बुश एकदमच बदला. गोळ्याला थोडं लिथियम ग्रीस लावा. रबरी बूट फाटलेला असेल तर तोही आजच बदला, नाहीतर नवी बैठक धुळीने लवकर जाईल.

कन्नड घाट उतरताना ॲक्सिलरेटर सोडला की तिसरा गिअर सुटून न्यूट्रल होतं.
एक वाचक, छत्रपती संभाजीनगर

हा धोक्याचा दोष आहे. दुरुस्त होईपर्यंत ही गाडी घाटात नेऊ नका. उतारावर गिअर सुटला की सगळा भार ब्रेकवर येतो आणि ब्रेक तापून निकामी होऊ शकतात.

आधी सोप्या गोष्टी: दांड्यावर बाहेरून बसवलेला जड नॉब काढा, आणि तिसऱ्यात असताना दांडा किंवा त्याचा बूट कन्सोलला टेकत नाही ना ते बघा. मग वर सांगितल्याप्रमाणे सेटिंग तपासा, कारण अर्धवट पडलेला गिअर असाच सुटतो. त्यानंतर इंजिन आणि गिअरबॉक्सचे माउंटिंग (त्यांना धरणारे रबरी आधार). ॲक्सिलरेटर दाबताना-सोडताना दांडा स्वतः पुढे-मागे उडी मारत असेल, तर माउंटिंगचं रबर फाटलं आहे आणि इंजिनच केबलीला ओढतंय.

हे सगळं ठीक असेल तर मात्र दोष आतला: गिअर जागेवर धरणारी गोळी-स्प्रिंग, गिअर टाकताना स्लीव्ह सरकवणारा फोर्क, किंवा त्या स्लीव्हचे झिजलेले दात. त्यासाठी गिअरबॉक्स उतरवणं भाग आहे. चालवताना दांड्यावर हात टेकवून ठेवायची सवय असेल तर सोडा. तो भार फोर्कवर जातो आणि फोर्क झिजतो.

डिसेंबरात सकाळी पहिले दोन-तीन किलोमीटर दुसरा गिअर कडक जातो, नंतर ठीक. केबल बदलू का?
एक वाचक, उदगीर (जि. लातूर)

नको. गार गिअर ऑइल घट्ट असतं, तोवर सिंक्रोनायझरला वेळ लागतो. दरवर्षीपेक्षा जास्त कडक वाटत असेल तर ऑइलची पातळी बघा: सपाट जागी, भरायच्या भोकाच्या कडेपर्यंत. बदलायचं असेल तर मॅन्युअलमधलाच ग्रेड घ्या. जीएल-४ दर्जाचं ऑइल सांगितलेल्या गिअरबॉक्समध्ये 'वरचं' म्हणून जीएल-५ टाकू नका. त्यातली काही रसायनं सिंक्रोनायझरच्या पितळी रिंगांना मानवत नाहीत.

पावसाळ्यात शेतात गाडी नेल्यावर दांडा जड होतो. केबलीत इंजिन ऑइल सोडावं का?
एक वाचक, पाथरी (जि. परभणी)

सोडू नका. आजच्या केबलींच्या आत प्लॅस्टिकचं अस्तर आणि कंपनीने भरलेलं ग्रीस असतं. बाहेरून सोडलेलं ऑइल धूळ धरून ठेवतं. आपली काळी माती ओली असताना टोकाच्या रबरी बेलोमागे (घड्यांच्या आवरणामागे) घुसते आणि वाळली की विटेसारखी कडक होते. शेतातून आल्यावर त्याच दिवशी, माती ओली असतानाच, गाडीच्या पोटाकडून साध्या पाइपने धुवा; प्रेशरचा फवारा बेलोवर धरू नका. बेलो फाटला असेल आणि आतल्या तारेवर तांबेरा दिसत असेल, तर ती केबल बदलायचीच.

एएमटी (क्लचचं पेडल नसलेल्या, गिअर आपोआप टाकणाऱ्या) गाडीच्या लिव्हरचं सेटिंग करता येतं का?
एक वाचक, नांदेड

नाही. तिथला लिव्हर म्हणजे फक्त विजेचा स्विच असतो, गिअर ॲक्चुएटर नावाची यंत्रणा टाकते. झटके बसत असतील तर स्कॅनर लावून कोड वाचावे लागतात आणि क्लच पकडण्याचा बिंदू गाडीच्या कॉम्प्युटरला नव्याने शिकवावा लागतो. टॉर्क कन्व्हर्टरच्या ऑटोमॅटिकमध्ये मात्र बऱ्याचदा केबल असते. 'पी' (पार्किंग) मध्ये गाडी सुरू होत नाही पण लिव्हर किंचित हलवला की होते, अशी तक्रार असेल तर आधी तिची जुळवणी तपासून घ्या. आणि तोपर्यंत 'पी' वर विसंबून उतारावर गाडी सोडू नका, हँडब्रेक ओढा आणि चाकाला दगड लावा.