ब्रिटनमध्ये कॉर्न्ड बीफचा डबा इतका का महागला, आणि दुकानदाराने आत्ताच साठा करून ठेवावा का?

तुमचा प्रश्न वाचून राहवलं नाही, कारण याच डब्यावरून आमच्या घरात भांडण झालंय आणि ते अजून मिटलेलं नाही.

इंग्लंडमध्ये स्विंडनला माझं छोटं दुकान आहे, अकरा वर्षं झाली. गिऱ्हाईक निम्मं इंग्रज, निम्मं गोव्याचं, त्यामुळे कॉर्न्ड बीफ, म्हणजे मिठात मुरवून शिजवलेलं डबाबंद बीफ, माझ्याकडे बारा महिने खपतं. म्हातारे इंग्रज सँडविचला नाहीतर बटाट्याबरोबर परतून हॅश करायला नेतात, आपल्या बायका पोटॅटो चॉपच्या सारणाला. 2021 मध्ये 340 ग्रॅमचा डबा मी 2 पाउंड 49 ला विकत होतो, आता तोच 4 च्या वर आहे आणि दोष मात्र माझ्या माथी.

भाव वाढला कारण गुरं महागली. डब्यावरचं लेबल वाचा, बहुतेक माल ब्राझीलचा आहे. तिथे गुराचा भाव अरोबावर बोलतात, एक अरोबा म्हणजे 15 किलो. जून 2024 ला तो 220 रिआलच्या (तिथलं चलन) आसपास होता, नोव्हेंबर संपता संपता 350 वर गेला. त्याआधीची दोन वर्षं गाई भरपूर कापल्या गेल्या म्हणून पुढे वासरं कमी पडली, त्यात 2024 चा दुष्काळ, आणि चीन मिळेल तेवढं उचलत होता. लोक म्हणतात डब्यात काय, उरलंसुरलं मांस. अहो, मानेचं आणि पुढच्या पायांचं जे मांस डब्यात जातं तेच बर्गरवाल्यांनाही हवंय, मग स्वस्त कुठून राहणार? शिवाय सौदा डॉलरमध्ये, वर बोटीचं भाडं. गुराचा भाव चढला की माझ्या केसवर, म्हणजे डब्यांच्या खोक्यावर, तो काही महिन्यांनी दिसतो, मला 2025 च्या सुरुवातीला दिसला. आणि ताजं मांस घ्यावं म्हटलं तर ऑगस्ट 2025 मध्ये इथलं बीफ वर्षभरात जवळजवळ 25 टक्क्यांनी महागलं होतं, म्हणजे तिकडेही सुटका नाही.

आता साठ्याचं. माझ्या मेव्हण्यांचं, म्हणजे बायकोच्या थोरल्या भावाचं, दुकानात थोडं भांडवल आहे. त्यांचं म्हणणं, डबा म्हणजे सोनं, कधी खराब होत नाही, स्वस्त मिळेल तेव्हा भरून ठेवायचा. भाव चढायला लागले तसे एका संध्याकाळी ते व्हॅनमधून 30 केस घेऊन आले, बारा-बारा डब्यांचे, डब्याला 1 पाउंड 10 पडला म्हणाले. बिल नाही. कोणाकडून आणले तर म्हणे ओळखीचा माणूस आहे.

पहिला केस फोडला तर लेबलांवर पाणी लागून सुकल्याचे पिवळे डाग, आणि एका डब्याची कडेची शिवण, म्हणजे पत्र्याचा जोड, आत चेपलेली. मला पप्पा आठवले. पप्पा बोटीवर भंडारी, म्हणजे स्वयंपाकी, होते, सत्तावीस वर्षं, स्टोअरचा प्रत्येक डबा ते स्वयंपाकाला घ्यायच्या आधी हातात फिरवून बघायचे. शिवणीवरून नख ओढायचं, मग दोन्ही टोकं अंगठ्याने दाबायची. चांगल्या डब्याचं टोक आत ओढलेलं असतं आणि हलत नाही. टक करून आतबाहेर झालं तर तो डबा गेला. सुट्टीवर वसईला यायचे तेव्हा बॅगेत चार-पाच डबे असायचे, आई ती छोटी चावी फिरवत पत्र्याची पट्टी गुंडाळत जायची आणि कडेला पांढरी चरबी दिसली की आम्ही भावंडं ताटं घेऊन बसायचो. बटाटा आणि बाटली मसाला घालून ती ते परतायची. इतक्या वर्षांत त्या डब्यातलं खाऊन आमच्या घरी कुणाचं पोट दुखलं नाही, ते पप्पांच्या अंगठ्यामुळे.

त्या रात्री मी 360 डबे एकेक करून तपासले. 41 खराब निघाले, त्यातले दोन फुगलेले. मेव्हणे म्हणाले 41 फेक, बाकीचे विक. मी सगळे फेकले. जवळजवळ 400 पाउंड गेले आणि ते आजही चारचौघांत ऐकवतात.

त्यांना मी तेव्हा स्कॉटलंडमधल्या अ‍ॅबर्डीनचं सांगितलं होतं, तुम्हालाही सांगतो. 1964 मध्ये तिथे टायफॉइड पसरला, पाचशेच्या आसपास लोक हॉस्पिटलात गेले. मूळ निघालं अर्जेंटिनाच्या कॉर्न्ड बीफच्या एका मोठ्या डब्यात. मांस नीट शिजवलेलंच होतं, पण तापलेला डबा थंड करायला नदीचं क्लोरीन न घातलेलं पाणी वापरलं आणि ते शिवणीतल्या बारीकशा छिद्रातून आत गेलं. दुकानात ते मांस कापलं, मशीन तेच, मग त्यावर कापलेलं बाकीचं मांसही बाधलं. 'शिजवून बंद केलेल्याला काय होतंय' म्हणणाऱ्याला याच्यापुढे आणखी काय सांगायचं?

मेव्हण्यांचं एक बरोबर आहे, ते मान्य करतो. शिवणीपासून लांब, बाजूच्या पत्र्याला हलकासा पोचा असेल तर सहसा काही बिघडत नाही. पण माल कुठे ठेवला होता, पाण्यात होता का, हेच माहीत नसेल तर पोचे मोजून काय उपयोग.

भाव उतरेल का? लवकर नाही. आज कालवड कत्तलीला न देता राखली तर तिचं वासरू मोठं होऊन बाजारात यायला तीन-चार वर्षं जातात. ऑगस्ट 2025 मध्ये अमेरिकेने ब्राझीलच्या मालावर 50 टक्के टॅरिफ, म्हणजे आयात कर, लावला तेव्हा लोक म्हणत होते तिकडचा माल इकडे वळेल आणि स्वस्ताई येईल. माझ्या केसवर एक पेनी कमी झाली नाही, आणि बीफवरचा तो टॅरिफ नोव्हेंबरमध्ये काढलासुद्धा.

हे सगळं छोट्या दुकानाचं गणित आहे, सुपरमार्केटवाले आपल्या नावाच्या डब्याचे करार वेगळे करतात, त्यांच्या भावाशी स्पर्धा करायला जाऊ नका. मी सहा-आठ आठवडे पुरेल एवढंच ठेवतो, तेही बिल देणाऱ्या कॅश अँड कॅरीतून, म्हणजे घाऊक दुकानातून, जुनी तारीख पुढे, नवी मागे. दारात कोणी स्वस्त माल आणून दिला तर पैसे द्यायच्या आधी केस फोडा, डबा हातात घ्या आणि दोन्ही टोकं दाबून बघा. एक जरी टक वाजला तर सगळं परत पाठवा, आणणारा घरचा असला तरी.