मांडलिक की बरोबरीचा राजा? इंग्लंड–स्कॉटलंड युद्धांविषयी वाचकांचे प्रश्न

इंग्लंड आणि स्कॉटलंड यांच्यातील युद्धांविषयी आलेल्या पत्रांपैकी निवडक प्रश्नांची उत्तरे या अंकात देत आहोत.

प्रश्न : एकाच बेटावरच्या या दोन राज्यांत इतकी वर्षे युद्ध का चालले? मूळ भांडण कशाचे होते?

उत्तर : मूळ भांडण दर्जाचे होते. स्कॉटलंडचा राजा इंग्लंडच्या राजाच्या बरोबरीचा, की त्याचा मांडलिक? स्कॉटलंडच्या राजांकडे इंग्लंडमध्येही जहागिरी होत्या आणि त्या जमिनींसाठी त्यांना इंग्लंडच्या राजापुढे निष्ठेची शपथ घ्यावी लागे. ही शपथ तेवढ्या जमिनींपुरतीच आहे असे स्कॉटिश दरबार म्हणे, तर इंग्लिश दरबार तिचा अर्थ सबंध राज्याला लावू पाहत असे. ११७४ मध्ये अ‍ॅल्निकजवळ कैद झालेल्या स्कॉटलंडच्या विल्यम राजाकडून इंग्लंडच्या दुसऱ्या हेन्रीने पूर्ण स्कॉटलंडचे मांडलिकत्व लिहून घेतलेही होते. परंतु ११८९ मध्ये पहिल्या रिचर्डला धर्मयुद्धासाठी पैशांची निकड भासली, तेव्हा त्याने १०,००० मार्क घेऊन तो करार रद्द केला. हक्क कागदावरून गेला, पण इंग्लंडच्या राजांनी तो मनातून कधीच सोडला नाही.

तरीही तेराव्या शतकाचा मोठा भाग शांततेत गेला. १२३७ च्या यॉर्कच्या तहाने ट्वीड नदीपासून सॉल्वेच्या खाडीपर्यंतची सीमा बव्हंशी ठरली, दोन्ही राजघराण्यांत सोयरिकी झाल्या आणि अनेक सरदारांच्या जमिनी सीमेच्या दोन्ही बाजूंना होत्या. ही घडी विस्कटली ती एका अपघाताने. मार्च १२८६ मधल्या एका वादळी रात्री फाइफमधील किंगहॉर्नजवळ घोड्यावरून निघालेला तिसरा अलेक्झांडर राजा पडून मरण पावला. त्याची मुले त्याच्याआधीच गेली होती आणि नॉर्वेत असलेली लहानगी नात मार्गारेट एवढाच वारस उरला होता. तीही १२९० मध्ये स्कॉटलंडला येताना ऑर्कनी बेटांवर वारली. गादीवर तेरा जणांनी हक्क सांगितला. यादवी टाळावी म्हणून स्कॉटिश सरदारांनी शेजारच्या पहिल्या एडवर्डला निवाड्यासाठी बोलावले, आणि त्याने निवाड्याआधीच अट घातली, की सर्व हक्कदारांनी प्रथम आपले स्वामित्व मान्य करावे.

नोव्हेंबर १२९२ मध्ये बेरिक येथे जॉन बॅलियलच्या बाजूने लागलेला निकाल वारसाहक्काच्या दृष्टीने योग्यच होता. एडवर्डवर पक्षपाताचा आरोप करता येणार नाही. अन्याय झाला तो त्यानंतरच्या वागणुकीत. स्कॉटलंडच्या न्यायालयांविरुद्धची अपिले एडवर्ड स्वतःकडे घेऊ लागला, खुद्द बॅलियलला इंग्लंडच्या पार्लमेंटपुढे हजर राहण्याचे फर्मान गेले आणि १२९४ मध्ये फ्रान्सवरील मोहिमेसाठी त्याच्याकडे सैन्य मागण्यात आले. एखाद्या सामान्य जहागीरदाराशी वागावे तसे हे वर्तन होते. स्कॉटिश सरदारांनी १२९५ मध्ये फ्रान्सशी तह केला. १२९६ च्या वसंत ऋतूत एडवर्डने बेरिक शहर लुटून तिथे भयंकर कत्तल केली, डनबारला स्कॉटिश सैन्याचा पराभव केला, बॅलियलच्या अंगरख्यावरची राजचिन्हे उतरवली आणि ज्या दगडावर बसवून स्कॉटलंडच्या राजांचा अभिषेक होत असे, तो स्कोनचा दगड वेस्टमिन्स्टरला नेला. पुढील रक्तपाताची मोठी जबाबदारी मी या एकाच राजावर टाकतो, कारण शांत सीमा आणि विश्वास टाकणारा शेजारी हे दोन्ही त्याला मिळालेले होते.

प्रश्न : बॅनकबर्नला स्कॉटिश सैन्य लहान असूनही कसे जिंकले? आणि एवढ्या मोठ्या विजयानंतरही युद्ध का संपले नाही?

उत्तर : १३१४ च्या या लढाईचे श्रेय शौर्याला देऊन थांबणे स्कॉटलंडचा राजा रॉबर्ट ब्रूस याच्यावर अन्याय करणारे ठरेल. १२९७ मध्ये विल्यम वॉलेस आणि अँड्र्यू मरी या स्कॉटिश सेनानींनी स्टर्लिंगच्या अरुंद पुलावर इंग्लिश सैन्य निम्मे अलीकडे आणि निम्मे पलीकडे असताना हल्ला केला आणि मोठा जय मिळवला होता. पण पुढच्याच वर्षी फॉल्कर्कला भालाईतांचे घट्ट गोल एका जागी उभे राहिले आणि इंग्लिश धनुर्धरांनी ते दुरूनच विरळ केले. ब्रूसने या दोन्ही लढायांचा धडा घेतला होता. १३०६ मध्ये प्रतिस्पर्धी जॉन कॉमिनला डम्फ्रीसच्या चर्चमध्ये ठार करून त्याने राज्याभिषेक करवून घेतला, आणि त्यानंतर अनेक वर्षे उघड्या मैदानावरची मोठी लढाई तो टाळत राहिला. किल्ला घेतला, की तो शत्रूला पुन्हा वापरता येऊ नये म्हणून तटबंदी पाडायची, ही त्याची पद्धत होती.

१३१४ मध्ये मात्र लढणे भाग पडले. २४ जूनपर्यंत मदत न आल्यास स्टर्लिंगचा किल्ला सोडून देऊ, असा ठराव इंग्लिशांच्या किल्लेदाराने ब्रूसच्या भावाशी केला होता आणि त्या मुदतीत पोहोचण्यासाठी इंग्लंडचा राजा दुसरा एडवर्ड फार मोठे सैन्य घेऊन निघाला. २३ जूनला रस्त्यावरून पुढे जाण्याचा इंग्लिश प्रयत्न फसला. त्याच दिवशी हेन्री द बोहून हा नाइट भाला रोखून ब्रूसवर चालून आला, तेव्हा ब्रूसने आपले लहान घोडे बाजूला घेऊन कुऱ्हाडीच्या एकाच घावात त्याला ठार केले. त्या रात्री इंग्लिश सैन्याने ओढा ओलांडून खालच्या दलदलीच्या सपाटीवर तळ दिला, आणि निर्णायक चूक हीच होती. एका बाजूला बॅनकबर्न हाच ओढा, दुसऱ्या बाजूला पेलस्ट्रीम नावाचा लहान ओढा आणि मध्ये घोडदळाला धड वळायलाही अपुरी जागा. सकाळी स्कॉटिश भालाईत उभे राहून वाट पाहण्याऐवजी रानातून बाहेर पडून पुढे चालत आले. पुढच्या घोडेस्वारांना मागे सरकता येईना, मागच्यांना पुढे येता येईना, आणि धनुर्धर आपल्याच माणसांच्या पाठीमागे अडकले. जे बाजूला निघून बाण सोडू लागले, त्यांना रॉबर्ट कीथच्या हलक्या घोडदळाने उधळून लावले. ग्लॉस्टरचा अर्ल हा इंग्लिश सरदार पहिल्याच चढाईत पडला. एडवर्ड राजा डनबार गाठून समुद्रमार्गे निसटला.

प्रश्नाच्या दुसऱ्या भागाचे उत्तर असे, की लढाई हरल्याने हक्क सोडला जात नाही. दुसऱ्या एडवर्डने स्कॉटलंडचे स्वातंत्र्य अखेरपर्यंत मान्य केले नाही. १३२० मध्ये स्कॉटिश सरदारांनी पोपला लिहिलेल्या आर्ब्रोथच्या पत्रात, आमच्यापैकी शंभर जण जिवंत असेपर्यंत आम्ही इंग्लिश सत्तेपुढे झुकणार नाही, असे कळवले. शिवाय, आमचा राजाच आमचे राज्य इंग्लंडच्या ताब्यात देऊ लागला, तर आम्ही त्यालाही दूर करून दुसरा राजा निवडू, असेही त्यांनी नमूद केले. त्या पत्रातले हे दुसरे वाक्य मला पहिल्याहून अधिक मोलाचे वाटते. शेवटी १३२८ च्या तहाने इंग्लंडने स्वातंत्र्य मान्य केले. पण तेव्हा तिसरा एडवर्ड अल्पवयीन होता आणि तो तह त्याने कधीच मनापासून स्वीकारला नाही. १३३२ मध्ये बॅलियलच्या मुलाला पुढे करून युद्ध पुन्हा पेटवले गेले आणि १३३३ मध्ये हॅलिडन हिलला इंग्लिश धनुर्धरांनी फॉल्कर्कची पुनरावृत्ती केली. १३३७ पासून एडवर्डचे लक्ष आणि पैसा फ्रान्सकडे वळला नसता, तर स्कॉटलंड वाचले असते असे खात्रीने सांगणे कठीण आहे.

प्रश्न : भालाईतांच्या बळावर बॅनकबर्न जिंकणाऱ्या स्कॉटिश सैन्याचा फ्लॉडनला इतका दारुण पराभव का झाला?

उत्तर : भाला बदलला होता आणि जमीनही वेगळी होती. १५०३ मध्ये स्कॉटलंडच्या चौथ्या जेम्सने इंग्लंडच्या राजकन्येशी, मार्गारेट ट्यूडरशी, लग्न केले होते आणि त्याआधी दोन्ही देशांत चिरस्थायी शांततेचा तहही झाला होता. परंतु १५१३ मध्ये आठव्या हेन्रीने फ्रान्सवर स्वारी केली, तेव्हा जेम्सने मेव्हण्याऐवजी फ्रान्सशी असलेल्या जुन्या मैत्रीची बाजू घेतली आणि सीमा ओलांडली. त्याच्या सैन्याला युरोपात नावाजलेला सुमारे अठरा फुटी भाला देण्यात आला होता. हा भाला परिणामकारक ठरतो तो संपूर्ण रांग न तुटता वेगाने पुढे सरकली तरच. ९ सप्टेंबरला फ्लॉडनच्या लढाईत ब्रँक्स्टन टेकडीवरून उतरताना पाऊस झालेला होता आणि पायथ्याशी ओढ्याकाठची दलदल होती, जी वरून दिसत नव्हती. तिथे रांगा मोडल्या. एकदा रांग मोडली, की अठरा फुटी दांडा हातात ओझे होऊन बसतो. समोरच्या इंग्लिश पायदळाकडे बिल नावाचे, कोयत्यासारखे पाते बसवलेले सुमारे आठ फुटी शस्त्र होते. त्यांनी भाल्यांचे दांडे छाटले आणि मग माणसे. राजा पहिल्या फळीत लढत असल्याने सैन्याला आवरणारे कोणीच उरले नाही. तो स्वतः, त्याचा सेंट अँड्र्यूजचा आर्चबिशप असलेला मुलगा, अनेक अर्ल आणि हजारो सैनिक त्या एका दुपारी गेले.

प्रश्न : राजे लढत होते तेव्हा सीमेवरची सामान्य माणसे कशी जगत होती?

उत्तर : हा प्रश्न क्वचितच विचारला जातो, म्हणून विचारणाऱ्या वाचकांचे विशेष आभार. दोन्ही बाजूंची सैन्ये जाता-येता पिके जाळत. उद्या काय उरेल याची शाश्वती नसल्यामुळे शेतीपेक्षा गुरे पाळणे आणि दुसऱ्याची गुरे पळवणे अधिक भरवशाचे ठरले. आर्मस्ट्राँग, ग्रॅहम, एलियट, कर यांसारखी घराणी पिढ्यान्‌पिढ्या यावर जगली, आणि त्यांची निष्ठा राजापेक्षा घराण्याकडे अधिक होती. स्कॉट स्कॉटाला लुटत होता आणि इंग्लिश इंग्लिशाला. शरद ऋतू आणि हिवाळा हा धाडींचा मुख्य काळ, कारण तेव्हा गुरे धष्टपुष्ट असत आणि रात्री लांब असत. ऐपत असलेली कुटुंबे जाड दगडी भिंतींचे मनोरे बांधत. तळमजल्यावर गुरे कोंडायची, वरच्या मजल्यावर माणसांनी चढायचे आणि आतून लोखंडी जाळीचे दार लावून घ्यायचे.

या अराजकातही कायदा होता, हे मला फार महत्त्वाचे वाटते. सीमाभागाचे दोन्ही बाजूंनी तीन-तीन विभाग पाडून त्यांवर अधिकारी नेमलेले असत आणि ते ठरलेल्या दिवशी एकत्र बसून तक्रारींचा निवाडा करत. त्या दिवसापुरती सर्वांना अभय असे. ज्याची गुरे गेली, त्याला ठरावीक मुदतीत सीमा ओलांडून उघडपणे पाठलाग करण्याचा हक्क होता. त्यासाठी भाल्याच्या टोकावर गवताळ मातीचे जळते ढेकूळ घेऊन जायचे, म्हणजे हा दरोडेखोर नाही हे पाहणाऱ्याला कळे. १५९६ मध्ये किनमाँट विली नावाच्या आर्मस्ट्राँगला अशाच अभयाच्या दिवशी इंग्लिशांनी पकडले, तेव्हा बक्लूचा स्कॉटिश जहागीरदार वॉल्टर स्कॉट याने रात्री कार्लाइलच्या किल्ल्यातून त्याची सुटका केली आणि एलिझाबेथ राणी संतापली. बेरिक शहराचे हाल तर विचारू नयेत. एका डझनाहून अधिक वेळा ते एका हातातून दुसऱ्या हातात गेले आणि १४८२ पासून कायमचे इंग्लंडकडे राहिले.

प्रश्न : १६०३ मध्ये स्कॉटलंडचाच राजा इंग्लंडच्या गादीवर बसला. मग त्यानंतरही युद्धे कशी झाली? कलोडनची लढाई या मालिकेतली शेवटची म्हणावी का?

उत्तर : १५०३ च्या त्या विवाहामुळेच मार्गारेटचा पणतू सहावा जेम्स १६०३ मध्ये इंग्लंडचा पहिला जेम्स झाला. तीन शतके तलवारीने न सुटलेला मांडलिकत्वाचा वाद वंशावळीने निरर्थक करून टाकला. राज्ये मात्र दोनच राहिली : पार्लमेंट वेगळी, कायदा वेगळा, चर्च वेगळे. त्यामुळे पुढची भांडणे धर्मावरून झाली. पहिल्या चार्ल्सने १६३७ मध्ये स्कॉटलंडवर नवे प्रार्थनापुस्तक लादले, त्यातून १६३९ आणि १६४० मध्ये युद्ध झाले आणि स्कॉटिश सैन्याने न्यूकॅसल घेतले. त्या सैन्याच्या खर्चापोटी दररोज ८५० पौंड देण्याचे चार्ल्सला कबूल करावे लागले. तो पैसा उभा करण्यासाठी त्याला पार्लमेंट बोलवावे लागले आणि तिथून इंग्लंडची यादवी सुरू झाली. दोन देश म्हणून शेवटचे खरे युद्ध इंग्लिश पार्लमेंटचा सेनापती क्रॉमवेल याचे : ३ सप्टेंबर १६५० ला डनबारची लढाई आणि बरोबर एक वर्षाने वुस्टरची. पहिल्या एडवर्डला न साधलेला पूर्ण ताबा क्रॉमवेलने मिळवला, पण तोही १६६० च्या पुढे टिकला नाही.

१७०७ मध्ये दोन्ही पार्लमेंटांच्या संमतीने एक राज्य झाले. म्हणून १६ एप्रिल १७४६ च्या कलोडनला इंग्लंड विरुद्ध स्कॉटलंड म्हणणे चुकीचे आहे. ती ब्रिटनच्या गादीसाठी स्ट्यूअर्ट आणि हॅनोव्हर या दोन घराण्यांत झालेली लढाई होती. कंबरलंडच्या ड्यूकच्या सरकारी सैन्यात स्कॉटिश पलटणी होत्या, स्कॉटलंडच्या सखल भागातील बहुसंख्य लोक स्ट्यूअर्ट घराण्यातर्फे लढणाऱ्या चार्ल्स स्ट्यूअर्टच्या विरोधात होते, आणि तासाभराच्या आत संपलेल्या त्या लढाईनंतर ज्यांचा पोशाख, शस्त्रे आणि कुळप्रमुखांचे अधिकार कायद्याने काढून घेतले गेले, त्या डोंगराळ भागातल्या लोकांवर झालेल्या जुलमात सखल भागातले स्कॉटिशही सामील होते.