आणीबाणीत सामान्य घरातलं रोजचं जगणं खरंच बदललं होतं का?

तुम्ही विचारलंय की घरातल्या म्हाताऱ्यांना आणीबाणीबद्दल विचारलं तर "आम्हाला काही त्रास नव्हता" असंच का म्हणतात. आमच्याही घरी तेच म्हणायचे.

मी तेव्हा नऊ-दहा वर्षांचा. भुसावळला रेल्वे क्वार्टरमध्ये राहायचो, वडील फायरमन, म्हणजे इंजिनात कोळसा टाकणारे. मे 1974च्या रेल्वे संपात ते उतरले होते; आठ तासांची ड्युटी ही त्यातली एक मागणी. मिळाला काय, तर सर्व्हिस ब्रेक, म्हणजे आधीची नोकरी धरायचीच नाही. त्यामुळे 25 जून 1975 नंतर घरात एकच नियम: पुन्हा भानगड नको. गाड्या टायमात धावतात म्हणून गावात सगळे खूश. वडील कोळशाचे हात धुताना पुटपुटायचे, "हौ ना, टायमात. अन् आम्ही?" पुढचं गिळायचे.

रात्री बीबीसीची हिंदी बातमी गोधडीत रेडिओ घेऊन ऐकायची. आई म्हणायची, "जरा आस्ते, पल्याड आयकू जातं." पल्याडचे काकाही तीच बातमी लावून बसलेले असत, हे आम्हाला नंतर कळलं!

मामा यावलकडे खेड्यात मास्तर. त्यांना नसबंदीच्या केसेसचा, म्हणजे नसबंदीला माणसं आणून द्यायचा, कोटा होता. केस मिळेना, पगार अडला. शेवटी त्यांनी स्वतःचीच केस दिली. त्यांना एकच मुलगी. (तीन मुलांनंतर सक्ती करणारं विधेयक 1976 मध्ये आपल्या विधिमंडळाने मंजूरही केलं होतं, राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून अडलं.)

पण मला सगळ्यात जास्त आठवते ती 1976ची संक्रांत. आमच्या ओळीतल्या एका काकांना मिसाखाली, म्हणजे खटला न चालवता डांबायच्या कायद्याखाली, नाशिक रोडच्या तुरुंगात नेलं होतं. काकू हळदीकुंकवाला सगळीकडे बोलावून आल्या. वडील आईला म्हणाले, "जाऊ नको." तिने दिवेलागणीला मला मागच्या दाराने तिळगुळाची वाटी घेऊन पाठवलं. काकूंच्या खोलीत सतरंजी अंथरलेली, ताटात वाण म्हणून आणलेले कंगवे तसेच रचलेले. त्यांनी वाटी रिकामी केली, साखर घातली, वर दोन कंगवे ठेवले. घरी वडिलांनी ती बघितली. कुणाची, असं विचारलंही नाही.

मार्च 77 मध्ये आणीबाणी उठली. ते काका सुटून आले तेव्हा स्टेशनवर हार घेऊन पहिल्या रांगेत वडील होते. आई गेली नाही. म्हणाली, भाकरी टाकायच्यात.