जिनिंगवाले म्हणतात ‘अपील टाकलं’, मग भरपाई अडकली का?

ताई, तुमचे यजमान चाळिसाव्या वर्षी कापसाच्या जिनिंगच्या मशीनवर अपघातात गेले. कामगार भरपाईचे दावे ऐकणाऱ्या आयुक्तांनी १३,८१,२७५ रुपये आणि व्याज द्यायचा आदेश केला, त्याला आठ महिने झाले. आणि मालकाचे मुनीमजी दारातूनच वाटेला लावतात, "अपील टाकलं ना बाई, आता कायचे पैसे?"

मी वकील नाही. आमचे बाबाही जिनिंगमध्येच गेले. त्यांची फाईल घेऊन मी चार वर्षं यवतमाळ-नागपूर एसटीत काढली, तेवढ्यावर सांगतो.

मुनीमजींना एकच विचारा, पैसे भरल्याचा दाखला कुठाय? १९२३ च्या कर्मचारी नुकसानभरपाई कायद्याच्या (नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याची जागा सामाजिक सुरक्षा संहितेनं घेतली, पण त्याआधीच्या अपघाताला हाच लागू) कलम ३० प्रमाणे भरपाईच्या आदेशावर मालकाला हायकोर्टात जायचं असेल, तर आधी ती रक्कम आयुक्तांकडे जमा करून त्यांचा दाखला अपिलाला जोडावा लागतो. मुदत ६० दिवसांची. उशीर माफ करून मागता येतो, पण त्यानं पैसे भरणं चुकत नाही. आयुक्तांच्या कार्यालयात जमा रकमेची चौकशी करा, नागपूर खंडपीठाच्या वेबसाइटवर पक्षकाराच्या नावानं शोधा. आमच्या मालकाचं अपील फक्त तोंडात होतं, कोर्टात नव्हतं. आणि खरंच दाखल असलं, तरी स्थगिती मिळाली नसेल तर वसुली थांबत नाही.

रक्कम कमी वाटते म्हणून तुम्हीच अपील करावं का, असंही विचारलंत. माझ्या मते नको. या कायद्यात पगार त्याहून कितीही जास्त असला तरी महिना १५,००० च धरतात. त्याचा निम्मा ७,५००, कायद्याच्या तक्त्यात वयाप्रमाणे दिलेला चाळिशीचा गुणक १८४.१७. गुणून बघा, हाच आकडा येतो. शिवाय ६० दिवस तुमचेही उलटलेत आणि हायकोर्ट महत्त्वाचा कायदेशीर मुद्दा असल्याशिवाय अपील ऐकत नाही. व्याजाची ओळ मात्र नीट वाचा. ते १२ टक्क्यांनी, अपघाताच्या तारखेपासून हवं. सुप्रीम कोर्टानं २०२२ मध्येही तेच सांगितलंय. आदेशात निकालाच्या तारखेपासून लिहिलं असेल, तर उशीरमाफीचा अर्ज जोडून त्या एका मुद्द्यावर भांडण्यात अर्थ आहे. तुमच्या रकमेवर महिन्याला १३,८०० च्या वर व्याज चढतं, हे मुनीमजींच्या कानावर घाला.

आता वसुली. खरी दमछाक इथेच होते. आदेश झाला की पैसे आपोआप येतील असं आम्हाला वाटलं होतं. तसं नसतं. कलम ३१ खाली आयुक्तांकडे वेगळा अर्ज करायचा. मग ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते, म्हणजे वसुलीचा दाखला कलेक्टर ऑफिसमार्गे तहसीलदाराकडे जातो. आमचा दाखला तहसीलमध्ये दहा महिने पडून राहिला, कारण पत्ता बंद पडलेल्या जिनिंगचा होता. माय दर बाजाराच्या दिवशी जाऊन विचारायची, बाबू म्हणायचा, "मालक सापडत नाही." शेवटी मी मालकाच्या नावचे शेजारच्या गावातले सातबारे काढले, गट नंबर लिहून अर्ज दिला आणि पोच घेतली. जप्तीची नोटीस तलाठ्यानं (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात) वाड्याच्या दाराला चिकटवली आणि सापडत नसलेला मालक चौथ्या दिवशी तहसीलमध्ये हजर. तुम्हीही सातबारा, बँक खातं, ट्रकचे नंबर, जे माहीत असेल ते अर्जासोबत द्या.

वकिलाला पैसे नसतील तर जिल्हा कोर्टातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा. बाईमाणसाला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो.

मधेच कोणी दोन-तीन लाख रोख घेऊन स्टॅम्प पेपरवर सही मागायला येईल. आमच्याकडे सरपंचच घेऊन आले होते. सही करू नका. हक्क सोडल्याचा तसा करार कलम १७ प्रमाणे रद्दच असतो, पण तो रद्द ठरवून घेण्यात आणखी दोन वर्षं जातील.