जर्मनीत टीव्हीवरचा नट डबिंग करायला लागला म्हणजे त्याची उतरती कळा समजतात का?

थोडक्यात उत्तर: नाही. उलट मला माहीत असलेल्या एका जर्मन नटाला नायकाची भूमिका मिळाली तीच मुळी साठी उलटल्यावर, तोंड न दाखवता, आणि तीही एका निळ्या अस्वलाची.

तुम्ही लिहिलंय की तुमचा भाचा मुंबईत डबिंग करतो आणि घरची मंडळी त्याला ऐकवतात, "पडद्यावर कोणी उभं करत नाही म्हणून आवाज विकत बसलाय." जर्मनीत म्हणे टीव्हीवरचे नावाजलेले नटही डबिंग करतात, ते खरं का, आणि लोक त्यांना काय समजतात, असा तुमचा प्रश्न. मी २००३ पासून बर्लिनमध्ये आहे, पोटापाण्यासाठी यंत्रांच्या माहितीपुस्तिकांची भाषांतरं करतो. या धंद्याशी माझा संबंध प्रेक्षकाचाच. पण वोल्फगांग फ्योल्त्स हा एक नट मला अपघाताने सापडला, त्याच्याच निमित्ताने सांगतो.

इथे आलो तेव्हा पंचाहत्तरीच्या एका बाईंकडे खोली घेतली होती. जर्मन बेताचंच. क्लासमधल्या शिक्षिका म्हणाल्या होत्या, लहान मुलांचे कार्यक्रम बघ, त्यांतली भाषा स्वच्छ असते. म्हणून रविवारी सकाळी स्वयंपाकघरातल्या छोट्या टीव्हीवर मी 'डी झेंडुंग मिट डेअर माउस' लावायचो. हा उंदराचा कार्यक्रम १९७१ पासून चालू आहे. त्यात खलाशाची टोपी घातलेलं एक निळं अस्वल यायचं आणि नातवंडांना अशक्य थापा मारायचं. एकदा घरमालकीणबाई माझ्याकडे पाठ करून कॉफीचं पाणी ठेवत होत्या. अस्वल बोलायला लागलं आणि मागे वळूनही न बघता बाई म्हणाल्या, "अरे, योहान!" मी पडद्यावर योहान शोधतोय. अस्वल, तीन पिल्लं, एक बावळट उंदीर. योहान कुठेच नाही.

मग कॉफी होईपर्यंत बाईंनी मला अस्वलाला आवाज देणारा वोल्फगांग फ्योल्त्स समजावून सांगितला. (आडनाव देवनागरीत नीट बसत नाही. ओठ 'ओ'साठी करतो तसे गोल करायचे आणि आतून 'ए' म्हणायचं. मला जमायला वर्ष लागलं.)

योहान हा 'ग्राफ योस्टर' या मालिकेतला ड्रायव्हर. १९६७ ते १९७६ या काळात ही मालिका संध्याकाळी लागायची. गुन्हेगारी कादंबऱ्या लिहिणारा एक सरदार स्वतःच गुन्ह्यांचा छडा लावत हिंडतो आणि त्याची रोल्स रॉइस चालवणारा योहान हा पूर्वाश्रमीचा गुन्हेगार. सरदाराच्या भूमिकेत लुकास आमान, अगदी इस्त्रीदार. कुलपं उघडणं, मारामाऱ्या आणि खालच्या थरातल्या ओळखीपाळखी हे खातं योहानकडे. फ्योल्त्सचा चेहरा त्याला फिट्ट बसला होता, ओबडधोबड आणि मिस्कील. असा माणूस पोलिसाच्या वेशात आला तरी हा आधी चोर असणार असं वाटतं.

त्याचा जन्म १९३०चा, दान्त्सिगचा. म्हणजे आजच्या पोलंडमधलं ग्दान्स्क. आधी बेकरीत उमेदवारी करून रीतसर पाव भाजायला शिकला आणि मग हॅनोव्हरला अभिनय शिकला. एडगर वॉलेसच्या कथांवरचे जर्मन रहस्यपट तेव्हा धो धो चालायचे, त्यांत छोटी छोटी कामं केली. पण घराघरांत पोचला तो १९६६मध्ये, 'राउमपाट्रुले' या अंतराळ-मालिकेमुळे. तिचे भाग फक्त सात, कृष्णधवल. पहिला भाग १७ सप्टेंबर १९६६ला लागला. अमेरिकेत 'स्टार ट्रेक' सुरू होऊन तेव्हा जेमतेम नऊ दिवस झाले होते, म्हणजे कोणी कोणाची नक्कल केली हा वादच नको. अशा मालिकांना इथे एक मस्त शब्द आहे, 'श्ट्रासनफेगर', रस्ता झाडणारा. मालिका लागली की रस्ते झाडून काढल्यासारखे ओस. मालिकेतल्या ओरायन यानाच्या कंट्रोल पॅनेलवर चक्क कपड्यांच्या इस्त्रीचा भाग बसवलाय. इथे कोणाशीही या मालिकेबद्दल बोला, दुसऱ्या वाक्याला इस्त्री निघते. मी डीव्हीडी आणून मुद्दाम थांबवून पाहिलं. इस्त्रीच आहे.

त्या यानाचा कप्तान डीटमार श्योनहेर. फ्योल्त्स त्याच्या हाताखालचा मारिओ दे मोंती, तोफखाना सांभाळणारा, बायकांच्या मागे असणारा. इथे आणि 'योस्टर'मध्ये एक गोष्ट सारखी आहे. नायक शेजारी उभा आहे आणि हा नायकाला साथ देतोय. पडद्यावर त्याच्या वाट्याला मुख्यतः हेच आलं. तबल्यावाला कितीही चांगला असला तरी जाहिरातीत गवयाचंच नाव मोठं असायचं, तसं.

आता डबिंगकडे येतो, कारण हे सगळं चालू असताना तो ते करतच होता. हा तुमच्या प्रश्नातला कळीचा मुद्दा आहे. आधी पडदा, मग तो सुटला म्हणून आवाज, असा क्रमच इथे नाही. युद्धानंतर अमेरिकन चित्रपटांची रीघ लागली आणि ते सगळे जर्मनमध्ये ऐकवायचे असं ठरून गेलं. १९४९मध्ये पश्चिम बर्लिनमध्ये 'बर्लिनर झिन्क्रोन' ही कंपनी निघाली. बर्लिनमध्येच का, तर इथे नाट्यगृहं पुष्कळ, म्हणजे नटही पुष्कळ. दिवसा स्टुडिओत गॅरी कूपर नाहीतर आणखी कोणाच्या तोंडी बोलायचं आणि संध्याकाळी रंगभूमीवर जर्मन नाटककार शिलरचं नाटक करायचं. घरभाडं दोन्हींतून निघायचं. त्यामुळे डबिंग करणाऱ्यांची वेगळी जमात झालीच नाही, नट तेच. फ्योल्त्सनेही काही चित्रपटांत वॉल्टर मॅथाऊला, पीटर उस्तिनोव्हला, मेल ब्रूक्सला आवाज दिला. सगळी मंडळी तिरकस बोलणारी, हे लक्षात घ्या. आवाज निवडणाऱ्यांनाही योहान माहीत होताच की.

हे काम जवळून कसं दिसतं ते मी एकदा काचेमागे बसून पाहिलंय, ध्वनिमुद्रण करणाऱ्या एका मित्राच्या कृपेने. चित्रपटाचे काही सेकंदांचे तुकडे केलेले असतात, त्यांना 'टेक' म्हणतात. पूर्वी खरोखरच फिल्मच्या पट्टीची टोकं जोडून माळ करायचे आणि तोच तुकडा फिरत राहायचा. आता सगळं कॉम्प्युटरवर. नट उभा, समोर कागद, हेडफोन एका कानावर. समोर मारामारी चालू होती आणि हा पन्नाशीचा गृहस्थ एकटाच छातीवर मुठी मारून घेत होता, म्हणजे 'हुक्' असा श्वास बरोबर निघेल. पुढच्या टेकला चुंबन होतं. त्याने शांतपणे स्वतःच्या मनगटाचा मुका घेतला. त्याच्या पुढच्या वाक्यात 'झी'चं 'डू' झालं. इंग्रजीत सगळे एकाच 'यू'वर भागवतात, जर्मनला आपल्यासारखं 'तुम्ही' आणि 'तू' यांत निवडावं लागतं, म्हणून इथला जुना रिवाज असा की पहिल्या चुंबनापर्यंत 'तुम्ही', त्यानंतर 'तू'. आपल्याकडचे भाषांतरकार हा घोळ कसा निस्तरतात माहीत नाही, पण मला ही युक्ती बेहद्द आवडली.

खरी मारामारी ओठांशी असते. प, ब, म म्हणताना ओठ मिटतात, शाळेत ओष्ठ्य वर्ण म्हणून शिकलो तेच. चेहरा जवळून दिसत असेल आणि नट इंग्रजीत 'मेबी' म्हणाला तर ओठ दोनदा मिटलेले दिसतात. जर्मनमध्ये त्याला 'फीलाइश्त', ओठ एकदाही मिटत नाहीत. मग संवाद लिहिणारा दुसरंच काहीतरी शोधतो, अर्थ थोडा सरकला तरी चालेल पण ओठ मिटले पाहिजेत. मला दुसऱ्याच्या पंपाची माहितीपुस्तिका अवघड वाटते, आणि ही माणसं दुसऱ्याचे ओठ भाषांतरित करतात.

पैशाचा हिशोबही ऐकण्यासारखा आहे. आधी 'कोमगेल्ड', शब्दशः 'आल्याचे पैसे', म्हणजे स्टुडिओत हजर झालात त्याबद्दल ठरावीक रक्कम. मग जितके टेक, तितके वर.

तर अस्वलाकडे. केप्टन ब्लाउबेअर, म्हणजे कॅप्टन निळं अस्वल, हे पात्र लेखक-चित्रकार वाल्टर मोअर्सचं. १९९१पासून ते रविवारच्या त्या कार्यक्रमात यायला लागलं. गलबत कड्यावर अडकून पडलेलं, त्यात हा निवृत्त दर्यावर्दी, त्याची नातवंडं आणि जहाजावरचा उंदीर हाइन ब्ल्योड. (उंदराला आवाज एडगर होपेचा, तोही टीव्हीवरचा ओळखीचा नट.) प्रत्येक वेळी आजोबा एक लोणकढी थाप सोडणार, नातवंडं "काहीही काय, आजोबा!" करणार. गलबतावरचा भाग बाहुल्यांचा आणि थाप सुरू झाली की कार्टून. खलाशांच्या अशा थापांना जर्मनमध्ये 'खलाशाचं सूत' म्हणतात, जहाजावर रिकाम्या वेळात दोरखंडाचं सूत वळत बसायचं आणि तोंडाने गोष्टी वळायच्या.

आणि तिथे फ्योल्त्स काय करतो, तर थाप मारत नाही. मला हे कळायला बरेच रविवार गेले. थाप मारणारा माणूस आवाज चढवतो, रंगवतो. हा उलट थकलेल्या, किंचित खरबरीत, उत्तरेकडच्या बंदरी हेलात सांगतो, जणू काही सांगायचा त्याला कंटाळाच आलाय पण घडलं ते घडलं, करणार काय. नातवंडांनी शंका घेतली की दुखावतो. पडद्यावर इतकी वर्षं नायकाला साथ देताना जे शिकला, म्हणजे कमी करणं आणि थांबणं, ते सगळं त्या आवाजात आहे. फक्त या वेळी शेजारी नायक नाही, हाच नायक. १९९९मध्ये अस्वलावर अख्खा चित्रपट निघाला, त्यातही आवाज त्याचाच.

फ्योल्त्स २ मे २०१८ला बर्लिनमध्ये गेला, ८७ वर्षांचा होऊन. दुसऱ्या दिवशी आमच्या ऑफिसात गंमत झाली. साठीच्या सहकाऱ्याच्या लेखी ओरायनचा दे मोंती गेला होता. तिशीतली मुलगी म्हणाली, "ब्लाउबेअर गेला," आणि तिच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. तिला त्याचा चेहरा माहीत नव्हता. फोनवर फोटो काढून दाखवला तर म्हणाली, "हा? पण हा तर चोरासारखा दिसतो."

घरात हा वारसा पुढे चालू आहे. मुलगी रेबेका डबिंगमध्ये, आणि मुलगा बेन्यामिन फ्योल्त्स म्हणजे किआनू रीव्ह्जचा जर्मन आवाज. 'एक्स-फाइल्स'मधला डेव्हिड डुकोव्हनीही वर्षानुवर्षं त्याच्याच आवाजात बोलत होता. २०१६मध्ये ती मालिका परत आली तेव्हा आवाज दुसऱ्याचा निघाला आणि इथे चाहत्यांनी केवढा गहजब केला! डुकोव्हनी तोच होता हो. पण लोकांच्या कानांना तो तोतया वाटला.

आता दुसरी बाजू, नाहीतर मी तुमच्या भाच्याला हरभऱ्याच्या झाडावर चढवतोय असं व्हायचं. आवाज ओळखीचा झाला तरी नाव ओळखीचं होतंच असं नाही. टोमास डानेबेर्ग हा श्वार्झनेगर, स्टॅलन आणि टेरेन्स हिल या तिघांचा आवाज होता. (हो, श्वार्झनेगरची मातृभाषा जर्मन आहे, तरी जर्मनीत त्याच्या तोंडी दुसरा माणूस बोलतो.) पण डानेबेर्ग रस्त्याने गेला असता तर किती जणांनी वळून बघितलं असतं? शिवाय नशीब दुसऱ्याच्या तब्येतीला बांधलेलं. २०२२मध्ये आजारपणामुळे ब्रूस विलिस निवृत्त झाला आणि त्याचा इथला आवाज मानफ्रेड लेमान धडधाकट असूनही त्याचं ते खातं बंद झालं.

तेव्हा घरच्यांना एवढं जरूर सांगा की आवाजाचं काम हे नटाचंच काम आहे, जर्मनीत त्यात कोणी कमीपणा मानत नाही. पण भाच्याने इकडे येऊन डबिंग करायचं मनात आणलं असेल तर मी सुचवणार नाही. बहुतेक सगळं काम जन्मजात जर्मन बोलणाऱ्यांकडेच जातं, परक्या हेलाला फार तर परक्या माणसाची भूमिका. मला इथे वीस वर्षांहून जास्त झाली, 'फ्योल्त्स'ही आता नीट म्हणतो, तरी बेकरीत तोंड उघडलं की काउंटरवरची मुलगी अजून इंग्लिशमध्येच उत्तर देते.